लेकीचा जबाब

बेलमाँट, पोर्ट ऑफ स्पेन
५ जानेवारी १९८८

प्रिय इमेल्डा,

नाताळचं पत्र पोचलं असेल. तू ते वाचलंस की खणात कोंबलंस, ते तुझं तू जाणे. एकोणीस नाताळ झाले, मी दर वर्षी एक लिहितो आणि टोरांटोहून काही येत नाही. पोस्टमन आता मला बघून मान वळवतो, जणू चूक त्याचीच आहे. यंदा मात्र नाताळ होऊन पंधरा दिवस झाले नाहीत तोच पुन्हा लिहायला बसलोय, तेव्हा काहीतरी घडलंय हे तू ओळखलं असशीलच.

प्रकृती ठीक. गुडघे कुरकुरतात, पण आवाज शाबूत आहे. शिवणाचं मशीन विकलं नाही, शेजारपाजारच्या पँटी आखूड करून देतो. पलीकडची टँटी क्लोटील, साऱ्या आळीची मावशी, अजून तशीच, कुंपणावर कोपरं टेकून उभी. परवा म्हणाली, "कथबर्ट, मेल्या, सोरेलच्या सरबतात लवंग किती घातलीस? दाताच्या डॉक्टरकडं गेल्यासारखं वाटतंय!" तरी दोन ग्लास प्यायली.

तर घडलं ते असं. आमच्या गाण्याच्या तंबूचा व्यवस्थापक फिट्झरॉय आला होता. आपला तंबू आता कापडाचा राहिला नाही, गोदी कामगारांच्या हॉलमध्ये भरतो, पण तंबू म्हणायची सवय काही सुटत नाही. फिट्झ म्हणाला, "अंकल, यंदा एक अख्खी दुपार तुमची. लॉर्ड टॅमरिंड या नावानं गाताय त्याला पन्नास वर्षं झाली. रेडिओवाले ध्वनिमुद्रण करणार, आणि मिस रामदीन शाळेची चाळीस मुलं घेऊन येणार गायला."

माझी गाणी चाळीस पोरांच्या तोंडी! इमेल्डा, मी चौथीत शाळा सोडली. पुढची विद्या न्हाव्याच्या दुकानातल्या फाटक्या शब्दकोशातून, रोज एक पान. तो मी, आणि माझी गाणी शाळेत! मी लगेच हो म्हणून मोकळा झालो.

मग फिट्झनं यादी काढली. सगळ्यात वर तुझ्यावरचं कवन होतं.

तेव्हापासून जेवण गोड लागत नाही. आज एवढंच लिहितो.

तुझे डॅडी

१२ जानेवारी १९८८

इमेल्डा,

मागच्या पत्रात मी आडून आडून बोललो. एकोणीस वर्षं तेच करत आलोय. नाताळच्या पत्रांत पाऊस लिहिला, आंबे लिहिले, कोण मेलं ते लिहिलं; हे कधी लिहिलं नाही. आज लिहितो.

लग्नाच्या दिवशी क्लाइव्ह चर्चमध्ये आला नाही. तू पांढरा झगा घालून दोन तास पायरीवर उभी होतीस. झगा मीच शिवला होता. पाहुणे एकेक करून निघाले, पाद्रीबाबा घड्याळ बघत होते, आणि तू शेवटी म्हणालीस, "डॅडी, चला घरी."

नऊ दिवसांनी तंबूत आयत्या वेळच्या कवनाची स्पर्धा होती. तू यायला तयार नव्हतीस. मीच मागं लागलो, "चल पोरी, चार लोक हसतील, तूही हसशील." दुसऱ्या रांगेत बसवलं तुला.

खेळ तुला ठाऊकच आहे. टोपीतून चिठ्ठी काढायची, विषय वाचायचा, बँड वाजायला लागला की डोक्यात असेल नसेल ते यमकात घालून सोडायचं. माझ्या चिठ्ठीवर होतं, 'उशिरा येणारी बस'. पहिल्या दोन ओळी आल्या. तिसरीला मी श्वास घेतला, आणि इमेल्डा, तुला खरं सांगतो, आम्हा लोकांना श्वास घेताना घर, दार, लेक, बाळ काही दिसत नाही. यमक दिसतं. समोर लोंबकळत असतं, पिकल्या आंब्यासारखं. हात आपोआप जातो.

*बेलमाँटच्या थांब्यावरती बस काही येत नाही,*
*उभं राहून पाय सुजले, कुणी जबाब देत नाही;*
*माझी लेकही अशीच उभी, पांढरा झगा, हाती फूल,*
*नवरा म्हणजे सरकारी बस, दिली बाई तिलाही हूल!*

आणि जुन्या चालीप्रमाणं चारशे माणसं एका आवाजात ओरडली, "दयामाया नाही!" ती ओळ आमच्या आज्या-पणज्यांपासून प्रत्येक कवनाच्या शेवटी येते, तिचा अर्थ कुणी मनावर घेत नाही. त्या दिवशी घ्यायला हवा होता. लोक खुर्च्यांवर उभे राहिले. "कायसो! कायसो!" अशा शाबासकीनं हॉल दणाणला. मुकुट माझ्या डोक्यावर आला तेव्हा मी दुसऱ्या रांगेकडं बघितलं. तुझी खुर्ची रिकामी होती.

तीन आठवड्यांत तू टोरांटोला गेलीस.

ते कवन मात्र इथंच राहिलं, तुझ्याच नावानं ओळखलं जाऊ लागलं. मुली त्यावर दोरीच्या उड्या मारतात. बस चुकली की लोक म्हणतात, 'इमेल्डा झाली माझी.' त्यांना तू कोण हे माहीतसुद्धा नाही. माझी गंभीर गाणी होती, संपावरची, वादळावरची, तुझ्या आईवरचं एक. ती लोक विसरले. हे चार ओळींचं आयत्या वेळचं पोर तेवढं जगलं.

आज फिट्झला सांगितलं, हे कवन गाता येणार नाही. तो डोक्याला हात लावून बसला.

"अंकल, रेडिओवाले त्याच्यासाठीच येतायत. ते नाही तर दुपार नाही."

"मग दुपार नाही."

"पन्नास वर्षं पाण्यात घालाल?"

"माझीच आहेत ना? कुठं घालायची ते मी बघीन."

तो निघून गेल्यावर मी पायरीवर बसून विचार केला. तोंडातून गेलेलं गाणं परत गिळता येत नाही. माफीचं पत्र लिहून उपयोग नाही, माफीला चाल नसते. तंबूचा एकच कायदा आहे आणि तो सगळ्यांना लागू आहे: ज्याच्यावर गायलं, त्याला जबाबाचा हक्क. गव्हर्नरला होता, पोलिसाला होता, मासळीबाजारातल्या भांडखोर बायकांना होता. तुला मी तो कधी दिलाच नाही.

म्हणून मागतो. चार ओळी पाठव. माझ्यावर. जेवढ्या झोंबतील तेवढ्या. मी त्या ३१ तारखेला माझ्या तोंडानं, माझ्या दुपारी, सगळ्यांसमोर गाईन. तुझा जबाब आला तर आधी तुझ्यावरचं कवन आणि त्यापाठोपाठ तो. नाही आला तर दोन्ही नाही, मी घरी बसून पँटी आखूड करीन, आणि तुझ्यावर रागावणार नाही.

डॅडी

२८ जानेवारी १९८८

इमेल्डा, इमेल्डा, इमेल्डा!

काल पोस्टमन फाटकापासून ओरडत आला, "अंकल, कॅनडा! कॅनडा!" टँटी क्लोटील झगा सावरत धावत आली. तिला वाटलं कुणी गेलं.

पाकिटात पत्र नाही. 'प्रिय' नाही, 'कसे आहात' नाही. चार ओळी आणि खाली एक. पुन्हा पुन्हा वाचतो म्हणून इथं उतरवतो, तुझ्याच ओळी तुलाच:

*बापाच्या माझ्या तोंडाला दार नाही, झाप नाही,*
*लेकीपेक्षा यमक मोठं, असा दुसरा बाप नाही;*
*बस चुकली ते बरंच झालं, पायी चालत गाठलं गाव,*
*मुकुट त्याच्या डोक्यावरती, गाण्यामध्ये माझं नाव!*

आणि शेवटी, चारशे लोकांनी ओरडायच्या जागी, तू लिहिलंस, 'दयामाया थोडी.'

टँटीला वाचून दाखवलं. दुसऱ्या ओळीला ती इतकी हसली की कुंपणाची फळी निखळली. म्हणाली, "तुझं नाक कापलं रे पोरीनं! आणि काय धारेनं कापलंय!" मी पण हसलो. मग हातोडा आणून फळी परत ठोकली.

हे तू कुठं शिकलीस? मी तुला कधी शिकवलं नाही. मुलीनं तंबूत गायचं नाही असं तुझ्या आईचं म्हणणं होतं, आणि मीही मान डोलावली होती. मी न्हाणीघरात नवीन गाणी घोळवायचो तेव्हा तू दाराबाहेर बसून ऐकायचीस, तेवढंच. एवढ्यानं एखाद्याला ओळीचं वजन कळतं? 'पायी चालत गाठलं गाव', ही ओळ मला पन्नास वर्षांत सुचली नसती.

कारागीर म्हणून एकच सांगतो. शेवटचं 'थोडी' जरा मवाळ पडतं. तलवार काढायची आणि मग तिच्यावर फुंकर घालायची, असं होतं. पण कवन तुझं आहे, मर्जी तुझी.

फिट्झला निरोप दिला. दुपार नक्की.

डॅडी

३१ जानेवारी १९८८, रविवार, संध्याकाळ

माझी इमेल्डा,

अजून टोपी काढलेली नाही. बूटही तसेच आहेत. आधी लिहितो.

हॉल खचाखच भरला होता. मिस रामदीनची मुलं पांढऱ्या सदऱ्यांत, पुढच्या बाकांवर. त्यांनी संपाचं गाणं म्हटलं, वादळाचं म्हटलं. विसरलेली माझी दोन गाणी त्या बाईनं कुठून शोधून काढली देव जाणे. तुझ्या आईवरचं गाणं एका दात पडलेल्या मुलीनं एकटीनं म्हटलं. मी पडद्याआड खांबाला धरून उभा होतो.

मग मला पुढं बोलावलं. मी बसचं कवन म्हटलं. लोक उड्या मारायला लागले, रेडिओवाल्याचा माइक हलला. मी हात वर केला. म्हटलं, "मंडळी, एकोणीस वर्षांपूर्वी मी जिच्यावर हे गायलो, ती माझी खरीखुरी लेक आहे. ती दुसऱ्या रांगेत बसली होती. तिला मी जबाब देऊ दिला नाही. आज तिचा जबाब आलाय. मी नुसता तोंड उसनं देतोय."

मी बँडला खूण केली.

पहिल्या ओळीला कुणीतरी खुदकन हसलं. दुसरीला, 'लेकीपेक्षा यमक मोठं', कुणीच हसलं नाही. मागून एका बाईचा आवाज आला, "सांग त्याला, पोरी, सांग!" मग तिसरी. आणि चौथीला, इमेल्डा, तो हॉल उठला. उठला म्हणजे असा की मला वाटलं छप्पर जातंय. टोप्या उडाल्या. बँडवाले वाजवायचे थांबून टाळ्या पिटायला लागले. "कायसो! पुन्हा! पुन्हा!" पाच वेळा म्हणायला लावलं. पाचही वेळा मी माझं नाक माझ्याच हातानं कापलं, आणि दर वेळी ते जास्त छान वाटलं.

परत निघालो तर हॉलबाहेर शाळेच्या मुली उड्या मारत होत्या. दोरी तीच, पण तोंडी 'दार नाही, झाप नाही'. बस गेली, पोरी. तुझी ओळ आली.

तू लिहिलंस तसंच सगळं म्हटलं, अक्षर न् अक्षर.

डॅडी

२ फेब्रुवारी १९८८

इमेल्डा,

हे पत्र पोचायच्या आत तू तिथून निघालेली असशील, तरी लिहितो. काल फोनवर तू मला बोलू दिलं नाहीस.

टँटी क्लोटीलनं पहाटेच दार बडवलं. "चल, तुझा फोन आहे." मी म्हटलं कुणाचा? तर म्हणे, "तुझ्या लेकीचा, आणि ती भडकलीय." तेव्हा कुठं कळलं, तुझा नंबर तिच्याकडं एकोणीस वर्षं आहे! दर महिन्याला बोलता तुम्ही! तू हॉटेलच्या धुलाईखान्याची मुख्य आहेस, चौदा माणसं तुझ्या हाताखाली, हेही तिला ठाऊक. आणि रविवारी म्हातारी झग्याआड टेपरेकॉर्डर लपवून मुलांमागच्या रांगेत बसली होती, आणि त्याच रात्री ती फीत तिनं फोनच्या तोंडाशी वाजवली. मी तिच्याशी बोलणार नाही असं ठरवलं होतं. ती पेलाऊ भाताची थाळी घेऊन आली, मग बोललो.

तुझा आवाज आईसारखा झालाय. एवढंच माझ्या मनात आलं, आणि तू म्हणालीस:

"डॅडी, शेवटची ओळ कुणी बदलली?"

हॅलो नाही, काही नाही.

"कुठली ओळ?"

"साळसूद बनू नका. मी 'दयामाया थोडी' लिहिलं होतं. फितीवर 'नाही' आहे. पाच वेळा 'नाही' आहे!"

"अगं, चाल तशीच आहे, शंभर वर्षांची..."

"चाल गेली खड्ड्यात. कवन माझं की चालीचं?"

"मवाळ होत होतं ते."

"मवाळ? ती ओळ लिहायला मला एकोणीस वर्षं लागली. वरच्या चार तर मी बसमध्ये बसून अर्ध्या तासात लिहिल्या!"

टँटी शेजारी उभी राहून मान हलवत होती.

तर आता कबूल करतो. 'अक्षर न् अक्षर' लिहिलं ते खोटं होतं. ती ओळ मला म्हणता आली नाही. कारागिरीचं कारण सांगितलं ते निमित्त. तू मला सोडवत होतीस आणि मला सुटून जायची लाज वाटली. वाटलं, लोकांनी ओरडू दे 'नाही', तेवढंच माझ्या अंगाला लागू दे. तेव्हा तुला न विचारता तुझं घरातलं बाहेर नेलं. परवा तुला न विचारता तुझी दया कापली. एकाच माणसाला दोनदा तीच खोड भोवली म्हणायची.

तू म्हणालीस, "तुमच्या तोंडावर भरवसा नाही. मी स्वतः येते आणि माझं मी म्हणते." आणि फोन ठेवलास.

ठेवलेल्या फोनला मी बराच वेळ "ये, ये" म्हणत होतो.

डॅडी

६ मार्च १९८८

लेडी पेपरसॉस,

हो, आता हेच नाव. तू परतीच्या विमानात बसलीस त्याच दिवशी तंबूच्या म्हाताऱ्यांची बैठक झाली. आपलं नाव आपण ठेवायचं नाही, तंबू ठेवतो, हा आमचा रिवाज. कुणी म्हणालं लेडी टॅमरिंड. मी म्हटलं, माझं उसनं नको, तिनं जोड्यानं मारलं असतं. तेव्हा टँटी क्लोटील, जिला बैठकीला कुणी बोलावलं नव्हतं, दारातून म्हणाली, "टॅमरिंड म्हणजे चिंचच ना, दात आंबवते आणि संपते. ही पोरगी तिखटाची बाटली आहे. दुसऱ्या दिवशीसुद्धा आठवण राहते." एकमतानं मंजूर.

तुला समोरून दिसलं नाही ते सांगतो. कार्निव्हलच्या आधीच्या गुरुवारी, आयत्या वेळच्या कवनाच्या स्पर्धेत, तू उभी राहिलीस तेव्हा मी पडद्याआड होतो. तुझा डावा पाय थरथरत होता. पहिली ओळ सुटली आणि पाय थांबला. तिथंच मला कळलं, ही आपलीच.

चौथ्या ओळीनंतर लोक सवयीनं 'दयामाया नाही' ओरडले. तू बँडला हात केलास, बँड गप्प. "कोण म्हणालं नाही? माझा बाप आहे. मी ठरवीन." ड्रमवाला लिस्टर, सत्तर वर्षांचा बाप्या, 'सॉरी मॅडम' म्हणाला. मग चारशे माणसांनी तुझ्याबरोबर 'थोडी' म्हटलं. शंभर वर्षांच्या चालीला त्या दिवशी पहिल्यांदा टाका पडला. मी शिंपी आहे, सांगतो: पक्का बसलाय. आता तरणी पोरंसुद्धा जिथं जीव तुटतो तिथं 'थोडी' म्हणतात, आणि कुणी विचारलं तर म्हणतात, लेडी पेपरसॉसची रीत.

पुढचं सगळ्यांसमोर झालं, पण मला ते परत लिहायचंय, कारण लिहिताना परत होतं. फिट्झनं टोपी माझ्यापुढं धरली. मी चिठ्ठी काढली: 'लेक घरी आली.' लबाडांनी टोपीत सगळ्या चिठ्ठ्या त्याच घातल्या होत्या, हे मागून कळलं. बँड सुरू झाला. मी तोंड उघडलं. यमक नाही. पन्नास वर्षांत पहिल्यांदा समोर आंबा नाही, झाड नाही, काही नाही. नुसती तू, निळ्या झग्यात, कमरेवर हात ठेवून. बँड दुसऱ्यांदा फिरला, तिसऱ्यांदा फिरला. मी माशासारखा तोंड उघडून उभा. आणि तू माइकपाशी वाकून म्हणालीस:

"थांबते, डॅडी. मला सवय आहे."

हॉल कोसळला. काही ऐकू येईना, कुणी दिसेना. परीक्षकांनी कागद हवेत उडवले. मुकुट तुझ्या डोक्यावर ठेवायला फिट्झ आला तेव्हा तू त्याला मागं सारलंस आणि मला म्हणालीस, "तुमच्या हातानं." मुकुट तिरका बसला. तसाच तिरका ठेवून तू कार्निव्हलच्या मंगळवारी रस्त्यावर नाचलीस.

बाजारात काल मासळीवाली म्हणाली, "तुम्ही पेपरसॉसचे वडील ना?" मी हो म्हटलं, आणि एक मासा जास्त घेतला.

आता कामाचं बोलतो. तंबूचा नियम आहे: मुकुट गेला की हरलेल्यानं पुढच्या मोसमासाठी जिंकलेल्याला आव्हान द्यायचं, आणि आव्हान मिळालं की जिंकलेल्यानं यायचं. यायचंच, न येणाऱ्याचं नाव फलकावरून पुसतात. तेव्हा खालचा मजकूर नीट वाच, न्हाव्याच्या शब्दकोशातले सगळे जड शब्द मी त्यात घातलेत:

'मी, कथबर्ट ड्युप्रे ऊर्फ लॉर्ड टॅमरिंड, जिव्हापराक्रमी, यमकमार्तंड, सध्या पराभूत, लेडी पेपरसॉस हिला समस्त बेलमाँटच्या साक्षीनं युद्धाचं आमंत्रण देतो. स्थळ: आपला तंबू. वेळ: पुढचा कार्निव्हल, आणि मी उभा राहू शकतो तोवर त्यापुढचा प्रत्येक. प्रतिपक्षानं महिनाभर आधी यावं, सरावाला. उतरण्याची सोय आव्हान देणाऱ्याच्या घरी. खोली रंगवायला घेतली आहे. रंग कुठला हवा ते उलट टपाली कळवावं.'

लॉर्ड टॅमरिंड